लेबर रूमची पोस्टिंग लागल्यापासून मुलगी गप्प झालीय

डिचोलीची_आई | सोमवार, रात्री १०:४०

नमस्कार मंडळी. एरवी मी इथे लोणची नि पावसाळी भाज्यांच्या धाग्यांवर असते, आज वेगळंच विचारतेय. चुकीच्या विभागात पडलं असेल तर हलवा.

धाकटी बीएस्सी नर्सिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. आतापर्यंत मेडिसिन, सर्जरी, लहान मुलांचा वॉर्ड सगळं हसतखेळत झालं, घरी येऊन कोण काय बोललं त्याच्या नकला करून दाखवायची. गेल्या सोमवारी लेबर रूमची पोस्टिंग सुरू झाली आणि पोर गप्प झाली. पहाटे उठून पहिली बस धरते, चारला येते, आंघोळ करते आणि सरळ आडवी. बुधवारी बांगडे मिळालेले, हुमण केलं, ताट समोर घेतलं आणि उठून गेली. माशाच्या ताटावरून उठणारी आमच्या घराण्यात ही पहिलीच. तेव्हापासून पेज नि लोणचं.

काल रात्री थोडं बोलली. एका बाईची पहिली वेळ, कळा जोरात, ती ओरडत होती आणि ही तिचा हात धरून उभी. तर ड्यूटीवरच्या बाई म्हणाल्या, हात धरून काय उभी राहिलीस, हात धरल्याचे मार्क नाहीत, तिकडे दुसरी टेबलावर घेतलीय, जा केस घे. ही गेली. परत येईतो हिची बाई बाळंत झालेली. "आई, ती मला शोधत होती म्हणे" एवढंच म्हणाली आणि रडली.

घरात दिरांचं सुरू झालंय की तरी सांगत होतो शिक्षिका हो. त्यांना मी बघून घेईन. मला फक्त कळत नाहीये की हे सगळ्यांचंच होतं का आणि मी हिच्याशी बोलू काय. माझी दोन बाळंतपणं सोडली तर मला यातलं ओ की ठो कळत नाही.

रातपाळी_२२ | सोमवार, रात्री ११:५५

डिचोलीची आई, आधी एक सांगते, मासे खायला लागेल, त्याची काळजी नको. माझे तर तीन महिने सुके बोंबीलसुद्धा बंद होते. लोक म्हणतात रक्त बघून होतं, पण रक्ताचं नसतं ते, तिथला एक ओला वास असतो तो नाकात बसतो आणि घरी येऊन कढईतून पण तोच येतो असं वाटतं. जातो हळूहळू. तिला उपाशीपोटी मात्र पाठवू नका, पहिल्या आठवड्यात चक्कर येऊन पडणाऱ्या पोरी बहुतेक चहा बिस्किटावर आलेल्या असतात.

बावीस वर्षं लेबर रूममध्ये काढली, त्यातली निम्मी रात्रीची, म्हणून हे नाव. माझी पहिली डिलिव्हरी मी घेतलीच नाही खरं तर. मागे उभ्या असलेल्या सिस्टरने माझ्या हातांवर आपले हात ठेवून घेतली. डोकं दिसायला लागलं की नवीन पोरीला वाटतं आता धरावं, ओढावं. ओढायचं नसतंच. एका हाताने खाली कापड धरून आधार द्यायचा, दुसरा डोक्यावर हलका, ते एकदम सुटून येऊ नये एवढाच, आणि बाईला सांगायचं आता जोर नको, फुंकर मार, दिवा मालवतात तशी. पुस्तकात हे दोन ओळीत आहे. हातात यायला वर्ष जातं.

बाळ आलं की खोलीतले सगळे बाळाकडे बघतात. तेव्हा एका सिस्टरने बाईकडे बघायचं असतं, हे मला कुणी पुस्तकातून नाही शिकवलं. आत दुसरं बाळ नाही ना हे पोटावर हात ठेवून बघायचं आणि एका मिनिटाच्या आत ऑक्सिटोसिन १० युनिट मांडीत. मग वार. नाळ धरून हळू ओढायची ती पण दुसऱ्या हाताने गर्भपिशवी वर धरूनच. वार पडली की उलटसुलट करून बघायची, पूर्ण आहे का. एखादा तुकडा आत राहिला तर तो रात्री अख्ख्या हॉस्पिटलला जागं करतो. आणि मग पुढचे दोन तास दर पंधरा मिनिटांनी पोटावर हात. पिशवी सोललेल्या नारळासारखी घट्ट लागली पाहिजे, मऊ लागली की चोळायची आणि हाक मारायची, वाट बघायची नाही. अर्धा लिटर रक्त गेलं की अतिरक्तस्राव म्हणतात, पण अर्धा लिटर म्हणजे किती हे चादरीत नि गादीत मुरल्यावर भल्याभल्यांना सांगता येत नाही, सगळे कमीच धरतात.

हात धरल्याचे मार्क नाहीत हे खरं आहे. पण सांगा तिला माझ्याकडून, मी वेळेत पकडलेल्या ब्लीडिंगच्या केसेसमधल्या दोन मी हात धरून बसलेली असताना पकडल्यात. बाई बोलत होती माझ्याशी, बीपी बरं होतं, आणि हात थंड आणि चिकट लागला. हात आधी सांगतो, बीपीचं मशीन मागून.

सुशेगाद_भाऊ | मंगळवार, सकाळी ७:१५

ताई, टेन्शन घेऊ नका, नर्सिंगवाल्यांना जर्मनीत मागणी आहे. दोन वर्षं मासे नाही खाल्ले तर तिकडे सवयच होईल 😄 पोर्तुगीज पासपोर्टवाले दीर असतील तर त्यांना गप्प करायला हे पुरे.

शिकवते_ती | मंगळवार, सकाळी ९:३०

नर्सिंगची ट्यूटर आहे, कुठे ते विचारू नका. त्या बाई जे बोलल्या त्याची मला लाज वाटली पण आश्चर्य नाही वाटलं. "केस घे" हे काय प्रकरण आहे ते बाहेरच्यांना माहीत नसतं म्हणून लिहिते.

मी शिकले तेव्हाच्या इंडियन नर्सिंग कौन्सिलच्या अभ्यासक्रमात प्रत्येक मुलीने स्वतःच्या हाताने २० नॉर्मल डिलिव्हऱ्या करायच्या, ३० गरोदर बायका तपासायच्या, ५ बाळांना श्वास देण्याच्या वेळी हाताशी असायचं, असं सगळं आकड्यांत. प्रत्येकाची केस बुकात नोंद आणि सही. २०२१-२२ पासून सेमिस्टर पद्धत आली, कागद बदलले, सहीसाठीची धावपळ तीच राहिली. आकडा असू नये असं नाही म्हणत हं मी, हात न लावता पास होणारी नर्स मला माझ्या सुनेच्या बाळंतपणाला नको. पण आकडा गाठायचा म्हटलं की मुलगी शेवटची दहा मिनिटं तेवढी हजर राहते, डोकं दिसतंय म्हटल्यावर धावत येते, बाळ झेलते, सही घेते, पुढच्या टेबलाकडे. आधीचे दहा तास त्या बाईचं काय चाललं होतं तिला पत्ता नाही. कळा कशा वाढत गेल्या, बाळाचे ठोके कळ संपल्यावर किती वेळाने पूर्ववत आले, लघवी झाली का, पाणी प्यायली का, हे बघायचं शिक्षण तिथे आहे आणि आपण तिला तिथून उठवतो.

त्यात गोव्याची अडचण वेगळी. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात (२०१९-२१) आपल्याकडे सिझेरियन ३९.५ टक्के, देशाचं २१.५. म्हणजे दहातल्या चार बायका मुलींच्या हाताखाली येतच नाहीत. उरलेल्या सहांमागे एकाच वेळी किती कॉलेजांच्या पोरी उभ्या असतात ते लेबर रूमवाल्यांना विचारा. एकदा मी मोजलं, एका टेबलाभोवती सहा. ती बाई बिचारी आपली मांडी कुणाकुणापासून झाकणार.

पार्टोग्राफबद्दल तर न बोललेलं बरं. कळांचा आलेख त्या त्या वेळी भरायचा असतो, म्हणजे रेघ उजवीकडे सरकायला लागली की वेळेत रेफर करता येतं. बाळ झाल्यावर चहा घेत मागून भरलेला आलेख बघा कसा सुंदर सरळ चढत जातो, मला लांबून ओळखता येतो.

आता जी गोष्ट सांगण्यासाठी लिहायला बसले ती. जागतिक आरोग्य संघटनेने २०२० मध्ये जुन्या पार्टोग्राफच्या जागी नवीन तक्ता आणला, लेबर केअर गाइड. त्यात नाव नि दाखल होतानाची माहिती झाली की पहिला विभागच आधाराचा आहे. सोबतीला कोणी आहे का, वेदना कमी करायला काय केलं, तोंडाने पाणी घेतलं का, कोणत्या स्थितीत आहे. बाळाचे ठोके त्याच्या खालच्या विभागात. त्यामुळे तुमच्या मुलीला सांगा, हात धरल्याचे मार्क नसतील, रकाना आहे.

पेडणेकर_वैनी | मंगळवार, दुपारी १:१०

मी दोन्ही बाजू बघितल्यात म्हणून लिहिते. हॉस्पिटलचं नाव नाही घेणार. पहिल्या वेळी मला एक बाई म्हणाली "करताना नाही ओरडलीस, आता कशाला ओरडतेस". हे वाक्य किती जणींनी ऐकलंय हे इथे विचारलं तर धागा बंद पडेल. अकरा वर्षं झाली, टाके कधीच भरले, ते वाक्य नाही भरलं. नवरा बाहेर बाकावर, सासू बाहेर, आत मी नि भिंतीवरचं घड्याळ.

दुसऱ्या वेळी एक शिकाऊ मुलगी होती. बारीकशी, टोपीत केस मावत नव्हते. तिला काही येत नव्हतं हे मला सुद्धा कळत होतं, बीपीचा पट्टा उलटा बांधला तिने. पण तिने मला कुशीवर वळवलं, कमरेवर मूठ दाबून धरली, कळ गेली की गिलासातून घोट घोट पाणी. आणि मधेच म्हणायची "म्हजे कडेन पळे, म्हजे कडेन पळे", माझ्याकडे बघ म्हणून. मी मराठीत रडत होते, ती कोंकणीत सांगत होती, चाललं होतं आमचं. ती जेवायला गेली तेव्हा मी पण तिला शोधत होते. परत आली हो ती, पण नसती आली तरी आधीचे तीन तास माझ्याजवळच होते ना. तुमच्या लेकीला हे वाचून दाखवा.

स्पष्ट_बोलतो | मंगळवार, दुपारी ३:४५

सगळं भावनिक चाललंय. हात धरणं वगैरे नातेवाइकाचं काम आहे, त्यासाठी चार वर्षांची डिग्री लागत नाही. नर्सला स्किल शिकवा. आणि आता ते मिडवाइफ प्रकरण काढलंय, डॉक्टर नको, नर्सच बाळंतपण करणार. कॉम्प्लिकेशन झालं की पळतात बांबोळीला, गोवा मेडिकल कॉलेजला. माझ्या बायकोला मी असल्या प्रयोगाला देणार नाही.

शिकवते_ती | मंगळवार, संध्याकाळी ६:२०

स्पष्ट बोलताय तर स्पष्टच सांगते. नातेवाइकाचं काम म्हणता, तर केंद्र सरकारने बाळंतपणात एक बाई सोबत असू द्या म्हणून २०१६ मध्येच सूचना काढल्यात. किती ठिकाणी आत सोडतात? जागा नाही, पडदे नाहीत म्हणून सासू बाहेर. मग आत हात धरणार कोण, ट्रॉली?

मिडवाइफचं म्हणाल तर २०१८ च्या मार्गदर्शक सूचनांमध्ये आधीच नर्स असलेल्या बाईला वर १८ महिन्यांचं वेगळं शिक्षण आहे आणि तिने बघायच्या त्या धोका नसलेल्या बाळंतिणी, तेही डॉक्टर असलेल्या हॉस्पिटलला जोडलेल्या कक्षात. डॉक्टर नको असं कुणी म्हटलेलं नाही. आणि हे नवीन खूळ पण नाही. व्हिएन्नाच्या प्रसूतिगृहात १८४७ च्या सुमारास सेमेलवाइस नावाच्या डॉक्टरच्या लक्षात आलं की डॉक्टरकीचे विद्यार्थी शिकतात त्या विभागात बायका तापाने जास्त मरतायत आणि सुइणी शिकतात तिथे कमी. विद्यार्थी मृतदेहांची चिरफाड करून तसेच येत होते. त्याने क्लोरीनच्या पाण्यात हात धुवायला लावले आणि मृत्यू धाडकन खाली आले. तेव्हा प्रयोग कोणाचा कोणावर चालला होता?

बांद्याचो | मंगळवार, रात्री ९:०५

मी सीमेपलीकडचा, सिंधुदुर्गातल्या बांद्याचा, पण आमचं दुखणंखुपणं सगळं बांबोळीला म्हणून इथे लिहायला हरकत नसावी. स्पष्ट बोलतो साहेबांनी "पळतात बांबोळीला" म्हटलं, मी पळालेलोच आहे.

बायकोचा आठवा महिना. दोन दिवस डोकं दुखत होतं, आम्ही म्हटलं उन्हाचं. सकाळी म्हणाली डोळ्यांसमोर काजवे चमकतायत आणि तोंड सुजलेलं. जवळच्या आरोग्य केंद्रात नेली, बीपी १७०/११०, नर्स बघतच होती तेवढ्यात झटका आला. डॉक्टर दुसऱ्या गावी कॅम्पला गेलेले. त्या नर्सने तिला कुशीवर केली, तोंड पुसलं, दातांत काही घालू नका म्हणून माझ्यावर ओरडली कारण मी चमचा घेऊन धावलो होतो, आणि दोन्ही कुल्ल्यांत एक एक मोठं इंजेक्शन दिलं. मग फोन, गाडी, आणि स्वतः गाडीत बसून आली. बांबोळीला पोचल्यावर तिथल्या डॉक्टरांनी पहिला प्रश्न विचारला, मॅगसल्फ दिलंय का, किती वाजता. म्हणजे तेच झटक्यांचं इंजेक्शन. तिने मनगटावर पेनाने वेळ लिहून ठेवली होती ती दाखवली. दोन्ही बाजूंना पाच पाच ग्रॅम हे मला तेव्हा कळलं.

पुढे वॉर्डात एक सिस्टर दर थोड्या वेळाने येऊन बायकोच्या गुडघ्यावर छोटा हातोडा मारायची. मला वाटलं लकवा झालाय नि सांगत नाहीयेत. दुसऱ्या रात्री धीर करून विचारलं. तर म्हणाली, ह्या औषधाने झटके थांबतात पण जास्त झालं तर श्वासच थांबतो, म्हणून पुढचा डोस द्यायच्या आधी गुडघा उडतोय का, मिनिटाला १६ तरी श्वास आहेत का आणि तासाला ३० मिली तरी लघवी होतेय का, तिन्ही बघायचं, एक जरी नसलं तर डोस थांबवायचा. उतारा म्हणून कॅल्शियम उशाशी भरून ठेवलं होतं. चार वर्षांची डिग्री कशाला लागते ते मला त्या रात्री कळलं साहेब.

मुलगा १ किलो ६०० ग्रॅमचा झाला. आता अंगणवाडीत जातो आणि कुणाचं ऐकत नाही.

ब्रदर_मडगावकर | बुधवार, सकाळी ६:५०

बांद्याचो, १६०० ग्रॅम म्हणजे आमच्या गल्लीतला. मी ब्रदर आहे, नवजात बाळांच्या युनिटमध्ये. शिकत असताना लेबर रूममध्ये मला पडद्याच्या अलीकडे उभं केलं होतं, बायकांना संकोच होतो म्हणून, आणि त्यांचं चूक नव्हतं. पण त्यामुळे झालं असं की मी सगळी पोस्टिंग बाळाच्या कोपऱ्यात काढली, वॉर्मरपाशी. तिथे जे शिकलो त्यावर आज पोट भरतोय.

डिचोलीच्या ताई, मुलीला विचारा, बाळ रडलं नाही अशी केस बघितलीय का अजून? कारण गप्प होण्याचं ते पण कारण असतं, मुलं सांगत नाहीत. माझं तेच झालं होतं. बाळ आलं, निळसर, ढिलं, पोहे भिजवल्यासारखं. खोलीत एकदम शांतता, आईने विचारलं का रडत नाही. तो प्रश्न ऐकला की अजून पोटात गोळा येतो. सिस्टरने पुसलं, ओलं दुपटं फेकून सुकं घेतलं, पाठीवर चोळलं, मान किंचित मागे, तोंड नाक साफ, तरी नाही. मग मास्क लावला आणि त्याला जोडलेली हवेची पिशवी दाबायला लागली, मिनिटाला ४० ते ६० च्या लयीत, तोंडाने पुटपुटत, दाब सोड सोड, दाब सोड सोड. हे सगळं पहिल्या मिनिटात सुरू झालं पाहिजे. मी घड्याळाकडे बघत होतो आणि ती बाळाच्या छातीकडे. छाती वर येतेय की नाही एवढंच बघायचं असतं. रडलं तेव्हा सिस्टर म्हणाली पंखा बंद केलेला कुणी लावला रे परत, आणि मला शिव्या बसल्या. उकाडा होत होता म्हणून मीच लावला होता. बाळ ओलं असताना पंखा म्हणजे त्याला बर्फात ठेवल्यासारखं, खोली २६ ते २८ डिग्री हवी, घाम आपल्याला येऊ दे.

दहातल्या एका बाळाला थोडीफार मदत लागतेच लागते. बहुतेक पुसण्या चोळण्यावर रडतात.

आणि बांद्याचो, तुम्ही शर्ट काढून बसला होतात की नाही ते सांगा. कांगारू केअर. १९७८ मध्ये कोलंबियात, बोगोटा शहरात बाळांना उबेत ठेवायच्या पेट्या कमी पडायला लागल्या म्हणून डॉक्टरांनी कमी वजनाची बाळं आयांच्या छातीवर बांधली आणि ती पेटीतल्यांपेक्षा काही वाईट राहिली नाहीत. आता जागतिक आरोग्य संघटना म्हणते जन्मल्याबरोबर सुरू करा. बाप पण चालतो, केसाळ असला तरी.

बांद्याचो | बुधवार, सकाळी ८:२०

बसलो होतो की. बायको आठ दिवस उठू शकत नव्हती, मीच कांगारू. सासरे भेटायला आले नि मला तसं बघून दारातूनच परत गेले 😂

फोंड्याची_सून | बुधवार, सकाळी ११:४०

थोडं विषयांतर, पण तुमच्यासारखे जाणकार परत एकत्र कधी मिळणार. जाऊ बाळंत झालीय, बाळ आठ दिवसांचं. आमच्या आजेसासूबाई स्वतः वयजिणीच्या हाताखाली वाढलेल्या, त्यांच्या वेळी आख्ख्या वाड्यातली बाळंतपणं एकच वयजीण करायची. आता त्या घरी रोज बाळाला कडकडीत आंघोळ, नाकात कानात तेल, डोकं गोल व्हावं म्हणून दाबणं, मग धुरी. सटीच्या दिवशी मध पण चाटवला. जाऊ घाबरून गप्प. आजी म्हणतात आम्ही तेरा भावंडं अशीच वाढलो. किती गेली ते विचारलं तर चार म्हणाल्या, आणि स्वतःच गप्प बसल्या. आता मी कुणाच्या बाजूने बोलू? आणि पावसात लंगोट सुकत नाहीत हा तर वेगळाच धागा काढावा लागेल.

रातपाळी_२२ | बुधवार, दुपारी २:१५

आजींशी भांडू नका, वाटून घ्या. बाळंतिणीला शेक, कमरेला तेल, मेथीची पेज, अळिवाचे लाडू, चाळीस दिवस बाहेरची कामं नाहीत, हे सगळं आजींकडे. दीड महिना विश्रांती आमची पुस्तकं पण सांगतात, ४२ दिवस. बाळाच्या नाकाकानात तेल बंद, नाकातलं श्वासात जातं. डोकं दाबणं बंद, ते आपोआप गोल होतं. धुरी बंद, फुप्फुसं केवढीशी असतात. मध वर्षभर नको, त्यातल्या जंतूंनी एवढ्या लहान बाळाची ताकदच जाते. नाळेवर हळद पावडर राख काही नको, कोरडी ठेवायची, आपोआप पडते. आणि वरचं काहीच नको, घुटी नको पाणी पण नको, सहा महिने अंगावरचं दूध. आजींना म्हणा तेल तळपायांना नि पाठीला लावा हलक्या हाताने, त्यांचा हात पण राहिला आणि बाळ पण.

लंगोट इस्त्री करा, दमट ठेवू नका. मी माझ्या वेळी चुलीच्या वर दोरी बांधली होती, सगळी झबली धुराने पिवळी झाली. ते करू नका.

बाळ प्यायचं सोडलं, अंग गरम किंवा गार पडलं, मिनिटाला साठच्या वर श्वास किंवा छाती आत ओढली जातेय, उठवल्याशिवाय हलत नाही, झटका आला, ह्यातलं एक जरी दिसलं तर सकाळची वाट बघायची नाही. सिंधुदुर्गात आशाताई ३, ७, १४, २१, २८ आणि ४२ व्या दिवशी घरी येऊन हेच बघते. माझ्या अनुभवात आपल्याकडे ते उपकेंद्रातल्या एएनएम नर्सबाईवर असतं, तेव्हा उपकेंद्रात जाऊन तुम्हीच तिला सांगून या घरात बाळ आहे म्हणून.

स्पष्ट_बोलतो | बुधवार, रात्री ९:५०

बांद्याचो, तुमची गोष्ट वाचली. आरोग्य केंद्रातल्या त्या नर्सने मनगटावर वेळ लिहिली ते पटलं. माझा मुद्दा स्किल शिकवा हाच होता आणि तो कायम आहे. बाकी ट्रॉलीचं मान्य.

डिचोलीची_आई | शनिवार, रात्री ९:३०

एवढं सगळं लिहिलंत, देव बरें करूं. इतके दिवस उत्तर दिलं नाही कारण आधी तिला वाचून दाखवायचं होतं. बुधवारी रात्री वाचलं. पेडणेकर वैनींचं वाचताना ती भिंतीकडे तोंड करून होती, रातपाळी ताईंच्या सोललेल्या नारळाला वळली आणि म्हणाली आमच्या मॅडम क्रिकेटचा बॉल म्हणतात, मी कधी बॉल हातात घेतलाय? ब्रदरनी सांगितलेलं विचारलं. नाही, तशी केस अजून नाही झाली. पण विचारल्यावर म्हणाली, झाली तर घरी सांगेन.

काल ती जेवणाच्या सुट्टीत बाळंतिणींच्या वॉर्डात गेली त्या बाईला बघायला. मला वाटलं आता दोघी गळ्यात पडून रडल्या असतील. कसलं काय, त्या बाईने ओळखलंच नाही. लेबर रूममध्ये मास्क होता ना तोंडाला. कोण गं तू, म्हणाली. आणि बाळ अंगावर नीट पीत नव्हतं म्हणून वैतागलेली, बोंड चिरलेलं. मग हिने बसून बाळाचं तोंड मोठं उघडेपर्यंत थांबायचं, खालचा ओठ बाहेर वळलेला, हनुवटी छातीला टेकलेली, असं करून लावून दिलं. अर्धा तास गेला, परत आली तेव्हा जेवण संपलेलं नि सही देणाऱ्या बाई निघून गेलेल्या. एक केस बुडाली म्हणाली. पण नकलेसकट सांगितलं, "कोण गं तू" त्या बाईच्या आवाजात.

आज सकाळी स्वयंपाकघरात आले तर ही सोललेला नारळ दोन्ही हातांत धरून डोळे मिटून उभी. तिच्या बाबांनी विचारलं काय चाललंय, तर म्हणाली पंधरा मिनिटांनी परत बघते. तोच नारळ मी दुपारी हुमणाला खवला. खाल्लं का विचाराल तर रस ओरपला भाताबरोबर, बांगडा अजून नाही.